लोहगडाच्या लेखातून तुमचा दुवा का गेला

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो, म्हणजे बाकीच्यांनाही लागेल. तुम्ही मावळातले किल्ले बरीच वर्षं फिरताय, त्यावर स्वतःचं संकेतस्थळ चालवताय. मराठी विकिपीडियावर ‘लोहगड’ लेखाच्या तळाशी, ‘बाह्य दुवे’ या मथळ्याखाली, तुम्ही त्याचा दुवा दिलात. तासाभरात तो काढला गेला. बदलाच्या आढाव्यात, म्हणजे बदल का केला हे लिहायच्या ओळीत, एकच शब्द होता, ‘जाहिरात’. तुमचं म्हणणं, साइटवर एकही जाहिरात नाही, मी त्यातून एक रुपया कमवत नाही, मग ही जाहिरात कशी? आणि त्याच यादीतले बाकीचे दुवे कशाच्या जोरावर टिकले?

दुवा मी काढलेला नाही. पण माझ्या नजरेस आधी पडला असता तर मीच काढला असता, फक्त आढाव्यात चार शब्द जास्त लिहिले असते.

तुमच्या सदस्यनावाचा इतिहास उघडून पाहिला. त्या संध्याकाळी लोहगड, विसापूर, तिकोना, तुंग, राजमाची असं करत अकरा लेखांत पाऊण तासात तुम्ही एकच दुवा टाकलात. अकराही ठिकाणी साइटच्या मुखपृष्ठाचा. त्या लेखांत दुसरं एक अक्षरही बदललेलं नाही. अलीकडील बदलांवर नजर ठेवणारा माणूस तुमची साइट उघडून वाचायच्या आधी ही रांग बघतो. लोणावळ्याचा होमस्टेवाला असंच करतो, स्पर्धा परीक्षांचा क्लासवाला असंच करतो, पवनेकाठी प्लॉट विकणाराही असंच करतो. तुम्ही त्यांच्यातले नाही हे मला आता कळलं, पण त्या तासात कळायला काही मार्ग नव्हता. जाहिरात म्हणजे पैसे घेऊन केलेली असाच तिथे अर्थ नसतो. लेखाची गरज न बघता स्वतःच्या साइटकडे माणसं वळवणं हेही त्यात धरतात.

जाता जाता एक. विकिपीडियावर दुवा असला की गुगलमध्ये साइट वर येते, ही समजूत अजून फिरतेय. विकिपीडियावरच्या बाहेरच्या दुव्यांना ‘नोफॉलो’ची खूण आपोआप लागते. शोधयंत्रांनी या दुव्याला मोजू नये असं सांगणारी ही खूण २००५ मध्ये निघाली आणि २००७ च्या जानेवारीपासून इंग्लिश विकिपीडियावरच्या सगळ्या बाह्य दुव्यांनाही लागू आहे. तेव्हा तो हेतू असेल तर कष्ट वाया. नसेल तर पुढे वाचा, कारण तुमच्या साइटवर एक पान असं आहे ज्यासाठी मी स्वतः भांडेन. त्याकडे शेवटी येतो.

दुवा ठेवायचा की नाही हे ठरवताना लोक पहिला प्रश्न विचारतात तो ‘साइट चांगली आहे का’. तिथेच गाडी चुकते. चांगल्या साइट्स शेकड्यांनी आहेत. मी विचारतो तो प्रश्न असा: लेख वाचून संपवलेल्या माणसाला त्या पानावर असं काय मिळेल, जे या लेखात, लेख कितीही चांगला झाला तरी, मावणारच नाही?

‘मावणार नाही’ याची कारणं मोजकीच असतात. मजकूर फार लांब असतो, म्हणजे आख्खा ग्रंथ किंवा शे-दोनशे पानांचा अहवाल. किंवा त्यावर कुणाचा तरी हक्क असतो, म्हणून विकिपीडियावर आणता येत नाही. किंवा माहिती सतत बदलणारी असते, जसं किल्ल्यात शिरायची वेळ आणि तिकिटाचा दर. किंवा ती वस्तूच अशी असते की वाक्यांत उतरत नाही: मोठा नकाशा, हस्तलिखिताची छायाप्रत, ध्वनिमुद्रण. यातलं काहीच लागू होत नसेल, म्हणजे पानावरची माहिती लेखात सहज बसणारी असेल, तर ती लेखातच लिहायची. लिहिली की ते पान आपोआप वर सरकतं आणि ‘संदर्भ’ होतं. बाह्य दुव्यांत त्याचं काम उरत नाही.

मराठी विकिपीडियावर सगळ्यात जास्त घोळ इथे आहे. एखाद्याला लोहगडावर चांगली बातमी सापडते. लेखात ती माहिती घालायचा कंटाळा येतो, म्हणून तो बातमीचा दुवा तळाशी चिकटवून जातो, ‘कुणीतरी वापरेल’ म्हणून. पुढचा येतो, तोही तेच करतो. वर्षभरात लेख सहा ओळींचा आणि दुवे चौदा. वाचक त्या चौदांतला एकही उघडत नाही, कारण कशात काय आहे हे कुठेच लिहिलेलं नसतं. मी असा लेख हातात घेतला की आधी काही काढत नाही. एकेक दुवा उघडतो, त्यातली उपयोगी माहिती एकदोन वाक्यांत लेखात घालतो आणि दुवा त्या वाक्याला संदर्भ म्हणून जोडतो. चौदांपैकी आठनऊ असे वर जातात, तीनचार मेलेले निघतात, एखादा विक्रीचा असतो. खाली दोन उरतात. ‘दुवा ठेवा की काढा’ म्हणून चाललेलं भांडण यात बहुतेक वेळा आपोआप मिटतं.

आता लोहगडच घेऊ. लेख चांगला वाढवायचा म्हटलं तर तळाशी काय राहावं?

युनेस्कोचं पान. २०२५ च्या ११ जुलैला पॅरिसच्या बैठकीत ‘मराठा लष्करी भूप्रदेश’ जागतिक वारसा यादीत आले. बारा किल्ले, अकरा महाराष्ट्रातले आणि बारावा तमिळनाडूतला जिंजी. लोहगड त्या बारांत आहे. त्यानंतर बाराही लेखांत युनेस्कोच्या त्याच पानाचा दुवा पडला. हा ठेवावा का? घाईने ‘अर्थात’ म्हणू नका. ते पान बारा किल्ल्यांच्या मालिकेबद्दल आहे, त्यात लोहगडावर वेगळं फार थोडं सापडतं. ‘लोहगड यादीत आला’ या वाक्याला संदर्भ म्हणून ते अगदी योग्य. बाह्य दुवा म्हणून त्याची हक्काची जागा त्या मालिकेच्या लेखात. पण युनेस्को अशा प्रत्येक स्थळासोबत नामांकनाचे दस्तऐवज आणि नकाशेही ठेवते. त्यात लोहगडाची हद्द दाखवणारा नकाशा आहे, आणि तो लेखात मावत नाही. मी त्या नकाशापर्यंत थेट नेणारा दुवा देईन, मुखपृष्ठाचा देणार नाही.

दुसरा, भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण. लोहगड केंद्राच्या संरक्षणाखाली आहे, म्हणून अधिकृत माहितीसाठी हा दुवा बरोबर. पण हाच दुवा नकल-डकव करून राजगडाच्या लेखात टाकला की चूक. राजगड, प्रतापगड, साल्हेर आणि खांदेरी हे त्या बारांतले चार किल्ले राज्याच्या पुरातत्त्व आणि वस्तुसंग्रहालये संचालनालयाकडे आहेत. ‘किल्ला म्हणजे पुरातत्त्व खातं, पुरातत्त्व खातं म्हणजे दिल्लीचं’ अशा हिशेबाने चुकीच्या कार्यालयाचे दुवे लागलेले मी बरेच बदललेत. ‘अधिकृत’ हा शब्द लिहिण्याआधी कुणाचं अधिकृत एवढं बघावं.

तिसरा माझा लाडका. मुंबई इलाख्याची जुनी गॅझेटियरं, जेम्स कॅम्पबेलच्या संपादनाखाली निघालेली. पुणे जिल्ह्याचा अठरावा खंड १८८५ चा, तीन भागांत; गावं, देवळं, किल्ले यांच्या नोंदी तिसऱ्या भागात. हक्काची मुदत कधीच संपलीय, इंटरनेट आर्काइव्हवर पानन् पान पाहता येतं. हा दुवा मी डोळे झाकून ठेवतो, एका अटीवर: तो लोहगडाच्या पानावर उघडला पाहिजे. आर्काइव्हवर पुस्तकातल्या ठरावीक पानाचा पत्ता मिळतो, तो घ्यायला दहा सेकंद लागतात. ते न करता खंडाच्या मुखपृष्ठाचा दुवा देणं म्हणजे पाहुण्याला ‘आमचं घर पुण्यात’ एवढंच सांगण्यासारखं आहे. शासनाने नंतर काढलेली जिल्हा गॅझेटियरंही आहेत. तीही चालतात, नियम तोच.

मराठी विश्वकोशात विषयाची नोंद असेल तर तीही द्यावी. यावर आम्हा संपादकांत दोन तट आहेत. एकाचं म्हणणं, एका कोशाने दुसऱ्या कोशाकडे बोट कशाला दाखवायचं, त्यातली माहिती घ्या आणि संदर्भ द्या. मला ते अर्धंच पटतं. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशींच्या संपादनाखाली वाईला सुरू झालेल्या या कोशात नोंदी लेखकाच्या नावानिशी आहेत, आणि मराठीत जाणकाराने सही करून लिहिलेला मजकूर जालावर इतका कमी आहे की वाचकाला तो दाखवणं हे आपलं काम आहे. इथे आपला रस्ता इंग्लिश विकिपीडियापेक्षा वेगळा होतो. तिथला बाह्य दुव्यांचा नियम फार तपशिलात लिहिलेला आहे, आमच्यातले बरेच जण तोच पाठ म्हणून दाखवतात. त्यात असं आहे की दुसऱ्या भाषेतली पानं शक्यतो टाळा, इंग्लिशमधली द्या. तो नियम शब्दशः इकडे आणला तर ‘मराठीतली द्या, इंग्लिश टाळा’ असा होईल, आणि भौतिकशास्त्राच्या निम्म्या लेखांखाली काही उरणार नाही. म्हणून मी क्रम लावतो. सारख्या तोलाची दोन पानं असतील तर मराठी आधी. मराठी पान हलकं असेल तर केवळ मराठी म्हणून त्याला जागा नाही. आणि इंग्लिश पान दिलं तर पुढे ‘इंग्लिश’ असं लिहायचं, पीडीएफ असेल तर तेही. मोबाइलच्या डेटावर चाळीस एमबीची फाइल न विचारता उघडली की वाचक पुन्हा कशावर बोट ठेवत नाही.

उरलेले दुवे भराभर. ड्रोनचं चित्रण: नको, विंचूकाटा, म्हणजे गडाची लांब निमुळती सोंड, वरून छान दिसतो हे खरं, पण असे शंभर व्हिडिओ आहेत आणि त्यातला एक निवडायला आपल्याकडे काही आधार नाही. मळवली स्टेशनवरून कसं जायचं हे सांगणारं पान: एक ओळ लेखात पुरते. ‘लोहगडाजवळ राहण्याची सोय’: नको, आणि तो कुणी टाकला हेही बघून ठेवा, उद्या विसापूरच्या लेखात येईल. फेसबुकचा गट: नको, आत शिरायला नोंदणी लागते तिथे वाचकाला नेऊन दारात उभं करण्यात अर्थ नाही.

किल्ल्यांचं बरं म्हणायचं अशी अवस्था गावांच्या लेखांची आहे. मराठी विकिपीडियावर गावांचे असंख्य लेख एकाच साच्यातून निघालेत. पाचसहाशे वस्तीचं गाव, चार ओळी, आणि खाली सात-आठ संकेतस्थळांची तीच ती माळ: गावांची यादी देणारी एक खासगी साइट, जनगणनेची एक, केंद्राच्या पर्यटन खात्याचं मुखपृष्ठ, ‘इन्क्रेडिबल इंडिया’, नकाशांची एक, हवामानाची एक. मथळा कधी ‘संदर्भ’, कधी ‘बाह्य दुवे’. प्रामाणिकपणे सांगा, ‘इन्क्रेडिबल इंडिया’च्या मुखपृष्ठावर त्या गावाबद्दल काय मिळणार? लेखातलं कुठलं वाक्य त्यावर उभं आहे? कुठलंच नाही. हे दुवे संदर्भ म्हणून खोटे आणि बाह्य दुवे म्हणून रिकामे. एकेकाळी मीही असे लेख बनवलेत, तेव्हा लेखांची संख्या वाढवायची घाई होती.

त्याऐवजी एक दुवा पुरतो. २०११ च्या जनगणनेच्या जिल्हा पुस्तिका निघाल्यात. त्यात गावनिहाय लोकसंख्या, क्षेत्र, शाळा, पाण्याची सोय, जवळचं शहर किती लांब, असं सगळं तक्त्यात आहे. आपल्या जिल्ह्याची पुस्तिका उघडायची, तालुका काढायचा, गावाचा संकेतांक जुळवायचा (एकाच जिल्ह्यात एका नावाची तीन गावं सहज निघतात) आणि लोकसंख्येच्या वाक्याला पान क्रमांकासह संदर्भ द्यायचा. माळ काढून टाकायची. खाली ‘बाह्य दुवे’ हा मथळाच राहिला नाही तरी काही बिघडत नाही. मथळा आहे म्हणून त्याखाली काहीतरी हवंच, असा कुठे नियम नाही.

जिथे अजिबात सैल सोडत नाही ती गोष्ट म्हणजे चोरीचा माल. विकिपीडियावर मजकूर आणला नाही, फक्त दुवा दिला, तरी समोरच्या पानावर कुणाचं पुस्तक किंवा गाणं विनापरवाना चढवलंय हे माहीत असताना तो दुवा द्यायचा नाही. मराठीत हे फार होतं, कारण लोकांना तो गुन्हा वाटतच नाही, वाचनप्रसार वाटतो. भारतात लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं हक्क टिकतो, आणि ती वर्षं मृत्यूच्या पुढच्या १ जानेवारीपासून मोजतात. साने गुरुजी १९५० मध्ये गेले, म्हणून २०११ उजाडलं तेव्हा त्यांचं लेखन मुक्त झालं. त्याच्या छायाप्रती खुशाल दाखवा, त्याहून बरं म्हणजे विकिस्रोतावर, विकिपीडियाच्या मुक्त ग्रंथांच्या भावंड प्रकल्पावर, आणा. पु. ल. देशपांडे २००० मध्ये गेले, म्हणजे २०६० संपेपर्यंत थांबायचं. त्यांच्या पुस्तकाची पीडीएफ कुणाच्या तरी ड्राइव्हवर दिसली म्हणून लेखाखाली लावू नका. अशी पीडीएफ काढताना माझ्याशी एकदा एकाने तीन दिवस वाद घातला. शेवटी म्हणाला, पण वाचकाला हवीय ना! हवीय. दुकानातही आहे.

गाण्यांचं प्रकरण यापेक्षा गुंत्याचं, आणि त्यातच बाह्य दुव्याचा खरा उपयोग दिसतो. बालगंधर्वांच्या १९३० च्या आसपासच्या तबकड्या घ्या. ध्वनिमुद्रणाचा हक्क भारतात प्रकाशनानंतर ६० वर्षांनी संपतो, म्हणजे त्या इथे केव्हाच मुक्त झाल्या. मग विकिमीडिया कॉमन्सवर, म्हणजे विकिपीडियाला चित्रं-ध्वनी पुरवणाऱ्या मुक्त भांडारात, चढवून लेखातच का वाजवू नयेत? कारण कॉमन्सला वस्तू मूळ देशात आणि अमेरिकेत, दोन्हीकडे मुक्त लागते, आणि अमेरिकेत जुन्या ध्वनिमुद्रणांची मुदत फार लांब आहे. १९२३ ते १९४६ दरम्यानच्या तबकड्यांना तिथे शंभर वर्षं धरतात. म्हणजे १९३० ची तबकडी २०३१ मध्ये. तोवर एखाद्या संग्राहकाने सालासकट, तबकडीच्या क्रमांकासकट नीट मांडलेल्या ध्वनिमुद्रणाचा दुवा हाच वाचकाला तो आवाज ऐकवायचा रस्ता. मात्र पदाचे शब्द आणि चाल यांचे हक्क वेगळे मोजायचे, ते कवीच्या आणि संगीतकाराच्या मृत्यूवरून. तेही मुक्त असतील तरच. यूट्यूबवरच्या दुव्याला माझा एकच प्रश्न असतो: चढवणाऱ्याकडे हक्क आहे का? कंपनीच्या किंवा कलाकाराच्या स्वतःच्या वाहिनीवर असेल तर चालेल. ‘जुनी मराठी गाणी’ छापाच्या वाहिनीवरून असेल तर नाही, मग त्याला दहा लाख लोकांनी का ऐकलेलं असेना.

व्यक्तींच्या लेखांत अधिकृत संकेतस्थळ एकच. त्या माणसाचं संकेतस्थळ असेल तर ते द्या, फेसबुक, इन्स्टाग्राम, एक्स, यूट्यूब अशी रांग लावू नका; ते सगळे पत्ते त्याच्या साइटवर असतातच. साइट नसेल आणि फेसबुक पान खात्रीने त्याचंच असेल तर ते एक. ‘खात्रीने’ या शब्दावर जोर, कारण नटनट्या आणि आमदार यांच्या नावाची पानं चाहते काढतात. अधिकृत दुव्याला बाकीच्या कसोट्या लागत नाहीत, त्यावर कितीही आत्मस्तुती असली तरी तो राहतो. माणूस स्वतःबद्दल काय सांगतो हे वाचकाला बघता आलं पाहिजे. हा पत्ता विकिडेटावर, म्हणजे सगळ्या भाषांच्या विकिपीडियांच्या सामायिक माहितीसाठ्यात, ‘अधिकृत संकेतस्थळ’ या गुणधर्मात भरला की लेखाच्या कडेची माहितीचौकट तो तिथून उचलू शकते आणि बदलला तर एकाच जागी दुरुस्त करावा लागतो. हयात माणसावर आरोप करणाऱ्या पानाचा दुवा मात्र तळाशी टांगून ठेवायचा नाही. आरोप दखलपात्र असेल तर तो लेखात, भक्कम संदर्भासह, नाहीतर कुठेच नाही.

आता मेलेले दुवे. यावर वेगळं लिहावं इतकं आहे. एका छोट्या शहरातल्या जुन्या सांस्कृतिक संस्थेच्या लेखात मीच कधीकाळी तिच्या साइटचा दुवा दिला होता. संस्थेने पुढे पत्त्याचं नूतनीकरण केलं नाही. सातआठ वर्षांनी एका वाचकाने चर्चापानावर, म्हणजे लेखाला जोडलेल्या चर्चेच्या पानावर, लिहिलं, ‘तुमच्या दुव्यावर रमी खेळायला बोलावतात.’ उघडून पाहिलं तर खरंच: वर संस्थेचं नाव, खाली पत्ते आणि बोनस. सुटलेले पत्ते विकत घेऊन जुगाराच्या साइट लावणं हा धंदाच आहे. विकिपीडियासारख्या ठिकाणांहून जुने दुवे येत असलेले पत्ते त्यांना आयते सापडतात. मी तेव्हापासून माझ्या लेखांतले बाह्य दुवे वर्षातून एकदा, दिवाळीच्या सुट्टीत, एकेक उघडून बघतो. विशेष पानांत बाहेरच्या दुव्यांचा शोध घेणारं एक पान आहे, त्यात साइटचा पत्ता टाकला की ती कुठकुठल्या लेखांत आहे ते सगळं दिसतं. तुमचे अकरा दुवे कुणीतरी तसेच शोधले असणार.

मेलेल्या संदर्भाची आणि मेलेल्या बाह्य दुव्याची वागणूक वेगळी, हे नवे लोक विसरतात. संदर्भ मेला म्हणून काढायचा नाही. त्यावर लेखातलं वाक्य उभं आहे. वेबॅक मशीनमध्ये, म्हणजे जुनी जालपानं साठवणाऱ्या संग्रहात, जुनी प्रत शोधायची आणि तिचा पत्ता जोडायचा, आणि प्रत नाही मिळाली तरी वर्तमानपत्राचं नाव आणि तारीख राहू द्यायची, कुणी ग्रंथालयात जाऊन अंक काढू शकतो. बाह्य दुव्यावर काहीच उभं नसतं. नवा पत्ता मिळाला तर बदला. मराठी विश्वकोशाच्या जुन्या पत्त्यांचं तसंच आहे, नोंदी आता मराठी भाषा विभागाच्या शासकीय पत्त्यावर आहेत, हजार ठिकाणी जुना पत्ता पडलाय. नवा नाही मिळाला तर सरळ काढा. संस्थाच बंद झाली असेल तर तिच्या साइटची जुनी जतन केलेली प्रत दिली तरी चालते, वर्णनात तसं लिहून.

दुवा लिहिताना हात कसा असावा, तेही सांगतो. चौकटी कंसात आधी पत्ता, मग एक मोकळी जागा, मग वर्णन. वर्णन असं:

* [पत्ता लोहगड: पुणे जिल्हा गॅझेटियर, खंड १८, भाग ३ (१८८५)] – इंग्लिश, छायाप्रत

‘इथे टिचकी मारा’ किंवा ‘अधिक माहितीसाठी पहा’ असं लिहू नका. काय आहे ते लिहा. पत्त्यात प्रश्नचिन्हानंतर लांबलचक शेपूट असेल तर बहुतेक वेळा ती फेसबुकने किंवा व्हॉट्सॲपवरून आलेल्या बातमीने लावलेली असते, तेवढी कापून पान उघडतंय का ते बघा आणि मग टाका. हल्ली शेपटीत चॅटजीपीटीचं नाव असलेले दुवे दिसतात. तिथे मी पान उघडून त्यात ते वाक्य खरंच आहे का हे आधी तपासतो, अनेकदा नसतं. यूट्यूबवर ‘शेअर’ दाबून मिळणारा आखूड पत्ता टाकाल तर पान जतनच होणार नाही, असे आखूड पत्ते काळ्या यादीत आहेत. पूर्ण पत्ता द्या. आणि लेखाच्या मधल्या वाक्यात बाहेरचा दुवा कधीच नको. वाचक वाक्य वाचताना बाहेर फेकला जातो.

किती दुवे, असं विचाराल तर आकडा ठरलेला नाही. पाचाच्या वर गेले की मी यादी उघडतो, एवढंच.

आता तुमची साइट. मी ती सगळी चाळली. लोहगडावर चार पानं आहेत. पहिल्यावर भाज्याहून चढल्याचं प्रवासवर्णन, गणेश, नारायण, हनुमान आणि महादरवाजा अशा क्रमाने. वाचायला मजा आली, पण ते लेखाच्या वाचकाला नवं काही देत नाही. दुसऱ्यावर इतिहास, तो तुम्ही जिथून घेतलाय ती पुस्तकं तुम्हीच खाली दिलीत, मग आपण थेट पुस्तकांचाच संदर्भ देऊ. तिसऱ्यावर साठ-पासष्ट फोटो. यातले दारांचे आणि सोळाकोनी तळ्याचे उत्तम आहेत. ते मुक्त परवान्याखाली कॉमन्सवर चढवा. तिथे तुमचं नाव प्रत्येक चित्राखाली राहील, आणि लोहगडावर इतर भाषांत लेख लिहिणारेही ते वापरतील. दुव्याने तुमच्याकडे महिन्याला दहा माणसं आली असती.

चौथं पान मात्र वेगळं आहे. गडावरची पाण्याची टाकी तुम्ही टेप लावून मोजलीत, हाताने आराखडा काढलाय, प्रत्येकाला क्रमांक दिलाय, लांबी-रुंदी लिहिलीय आणि कोणत्या महिन्यात कशात पाणी होतं त्याची नोंद तीन वर्षांची आहे. हे लेखात घालता येत नाही, कारण ते तुमचं स्वतःचं संशोधन आहे, कुठे छापलेलं नाही, आणि विकिपीडियावर मूळ संशोधन चालत नाही. पण मी वर जो प्रश्न सांगितला त्याला हे पान नेमकं उत्तर देतं. माहिती उपयोगी, तपासता येण्यासारखी, आणि लेखात न मावणारी. एक अडचण राहते: वैयक्तिक साइट शक्यतो टाळाव्यात असा संकेत आहे, लिहिणारा त्या विषयातला मान्यवर असेल तर अपवाद. तुम्ही त्या अर्थाने मान्यवर नाही, राग मानू नका. पण मोजमापं कशी घेतली, कोणत्या तारखांना, हे पानाच्या वरच लिहिलंत तर वाचक स्वतः पारखू शकेल, आणि माझ्या मते तेवढ्यावर ते टिकावं. सगळ्यांना पटेल असं नाही.

म्हणून असं करा. दुवा पुन्हा स्वतः टाकू नका, स्वतःच्या साइटचा दुवा स्वतः टाकायचा नसतो. लोहगडाच्या चर्चापानावर लिहा: ‘ही साइट माझी आहे, या एका पानावर टाक्यांचा आराखडा आहे, लेखाला उपयोगी वाटला तर पाहावा.’ त्या पानाचाच पत्ता द्या, मुखपृष्ठाचा नको. आठवडाभर थांबा. कुणी हरकत घेतली तर तिथेच बोलू, कुणी काहीच बोललं नाही तर मी तो दुवा घालीन. आणि आराखड्यात सातव्या क्रमांकाचं टाकं दोनदा आलंय, तेवढं आधी दुरुस्त करा.